दाजींचा कान आणि माझा आकडा

जाहीर प्रगटन. तमाम जनतेस, विशेषतः जुनं मशीन संगणकावर चालवू पाहणाऱ्या वाळूज, चिकलठाणा व आसपासच्या उत्साही मंडळींस याद्वारे कळविण्यात येते की, अशा कामासाठी हुशार संगणक कदापि निवडू नये. तो वेगवान असेल, देखणा असेल, त्याच्या पोटात रंगीत दिवेही लागत असतील. पण तो वेळेला हजर असेलच असं नाही. कोणाची हरकत असल्यास ती लेखी, दोन प्रतींत आणि चहासह माझ्याकडे सादर करावी. चहा नसलेल्या हरकती विचारात घेतल्या जाणार नाहीत.

हे प्रगटन मी आजवर लग्नाच्या पंगतीत, कॉलेजच्या स्टाफरूममध्ये, एकदा तर दहाव्याच्या कार्यक्रमातसुद्धा हातवारे करून वाचून दाखवलंय. लोक हसतात. मग मी पुढचा किस्सा सांगतो आणि दरवेळी एका ठरावीक जागी थांबतो. तिथं टाळी पडते. टाळी पडली की शहाण्या माणसानं खाली बसावं. त्याच्या पुढचं मी कोणाला सांगितलेलं नाही. लिहिताना समोर कोणी हसायला बसलेलं नसतं, म्हणून आज सांगतो.

दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. मूळचे फुलंब्रीच्या बाजूचे. अंगानं आडवे, मिशी उभी. वाळूजच्या एका कारखान्याच्या प्रेस शॉपमध्ये त्यांची उमेदीची वर्षं गेली. प्रेस म्हणजे दोन मजली लोखंडी जबडा. पत्रा आत घालायचा, जबडा मिटायचा, धाड्‌कन आवाज, दरवाजाचा नाहीतर टाकीचा आकार बाहेर. असे ओळीनं वीस जबडे दिवसभर मिटत होते. त्या दणदणाटात दाजी मधल्या वाटेनं चालत जायचे, मध्येच थांबायचे आणि म्हणायचे, "सात नंबरचा डाय तडकला. उघडा." उघडला की आतल्या साच्यात केसाएवढी चीर निघायची. सगळ्या कारखान्यात दाजींचा कान प्रसिद्ध होता. लांब पेचकसाचं टोक मशीनला लावायचं, मूठ कानामागच्या हाडाला टेकायची, डोळे मिटायचे. डॉक्टर नाडी बघतो त्यापेक्षा जास्त रुबाब.

मग ती दुष्काळाची वर्षं आली. शहराचं नाव तेव्हा औरंगाबाद होतं. फुलंब्री रोडला दाजींच्या चुलतभावांच्या रानात ज्वारीऐवजी प्लॉटिंगचे पिवळे बोर्ड उभे राहिले होते. बजाजनगरात नव्या इमारतींवर मजले चढत होते आणि त्या मजल्यांवरच्या नळांना पाणी नव्हतं. कारखान्यानं प्रेस शॉप दुसरीकडे हलवलं. दाजींना शाल, श्रीफळ आणि घड्याळ मिळालं. निवृत्तीला अजून पुष्कळ वर्षं होती.

महिनाभर दाजी घरात कुलपासारखे बसले. मग एके दिवशी मला बोलावलं. वाळूजमध्ये भाड्यानं घेतलेल्या पत्र्याच्या शेडमध्ये एक मिलिंग मशीन उभं होतं. धातूचा ठोकळा धरून कटरनं हवा तसा कोरून काढणारं. बंद पडलेल्या कुठल्यातरी युनिटमधून त्यांनी उचललं होतं. लोखंड एकदम खणखणीत, पण त्याला चालवणारा कंट्रोल जळून गेलेला. थोडक्यात, पैलवानाचं अंग, डोकं बंद.

"पाव्हणं," दाजी म्हणाले, "हे उभं राहिलं तर मी कारागीर. नाय राहिलं तर मी घरी बसलेला माणूस. मधलं काय नसतं."

मी इंजिनिअरिंग कॉलेजच्या संगणक प्रयोगशाळेचा रखवालदार. हुद्दा मोठा आहे पण काम तेच. मला ठाऊक होतं की अशी मशिनं चालवणारं सॉफ्टवेअर फुकट मिळतं. जगभरच्या हौशी लोकांनी मिळून लिहिलेलं, ज्याला पाहिजे त्यानं घ्यावं, उघडून बघावं, दुरुस्त करावं. मी त्याची सीडी खिशातून एखाद्या मांत्रिकानं भस्म काढावं तशी काढली. आता फक्त संगणक निवडायचा होता.

इथंच माणसं फसतात. त्यांना वाटतं, मशीन चालवायला दांडगा संगणक लागतो. काम काय असतं? मोटरला एकेक टिचकी मारायची: सरक, सरक, सरक. एका सेकंदात हजारो टिचक्या, पण प्रत्येक टिचकी ठरल्या क्षणाला. वेग महत्त्वाचा नाही, नेम महत्त्वाचा. नवे संगणक कसे असतात, वर्गातल्या हुशार पोरासारखे. सगळं येतं, पण मध्येच खिडकीबाहेर बघतात. वीज वाचव, पंखा सांभाळ, असली स्वतःची घरकामं गुपचूप करून येतात, कोणाला न सांगता. तेवढ्यात टिचकी चुकते, मोटर अडखळते आणि कटर जायला नको तिथं जातो.

म्हणून एक परीक्षा असते. सॉफ्टवेअरबरोबरच येते. छोटीशी खिडकी उघडते आणि त्यात एक आकडा दिसतो: या संगणकानं आतापर्यंत जास्तीत जास्त किती उशीर केला. सरासरी नाही. सगळ्यात वाईट क्षण तेवढाच नोंदवला जातो. शंभर तास शहाण्यासारखा वागला आणि एकदा झोपला, तर आकडा त्या झोपेचा.

सीडी घेऊन मी आणि दाजी जुन्या संगणकांच्या दुकानांत निघालो. अगदी मुलगी बघायला जावं तसे. दुकानदार चहा सांगायचा, संगणक पुढ्यात आणून ठेवायचा, आम्ही मान तिरकी करून बघायचो. "जरा चालू करून दाखवता?" मी म्हणायचो. दाजी मात्र माझ्या आकड्याकडं ढुंकूनही बघत नसत. त्यांनी एक सुटी मोटर पिशवीत घातली होती. ती जोडायची, पेचकस लावायचा, डोळे मिटायचे.

पैठण गेटजवळच्या दुकानात पहिलं स्थळ बघितलं. काळं, उंच, दिवेवालं. दहा मिनिटं परीक्षा घेतली. आकडा असा सुंदर, की माझ्या डोळ्यांत पाणी आलं. दाजी म्हणाले, "नाय. ह्याच्यात काहीतरी खोट हाय. मधीच उचकी देतंय."

"दाजी, आकडा बघा आकडा!"

"आकडा तुमच्यापाशी ठेवा. मला कान हाय."

मी हट्टानं तेच घेतलं. माझी चूक काय झाली, तर मी त्याला रिकामं बसवून तपासलं होतं. रिकामा बसलेला कोणीही शहाणाच दिसतो. शेडमध्ये आणून मशीनला जोडलं, पडद्यावर चार खिडक्या उघडल्या आणि तिसऱ्या दिवशी ते खिडकीबाहेर बघत बसलं. कटर सरळ जाऊन ठोकळा पकडणाऱ्या लोखंडी शिकंज्याला भिडला. असा आवाज झाला, जसं कोणीतरी लोखंडी जिना दळून काढतंय. मी कॉलेजमधल्या पोरांना दाखवायला मोबाईलवर रेकॉर्डिंग करत होतो. सगळा आवाज त्यात आला. मी धावत जाऊन लाल बटण दाबलं. दाजी बटणाच्या दोन हातांवर, पाठमोरे, कपाटातली हत्यारं लावत उभे होते.

"दाजी! जवळ तुम्ही होतात!"

त्यांनी वळून तुटलेल्या कटरकडं बघितलं. मग माझ्याकडं. मग मिशीवरून बोट फिरवत म्हणाले, "तुमची परीक्षा घेत होतो."

मी किती हसलो होतो. हा डायलॉग मी पुढं जिथं तिथं वापरला.

असे डायलॉग दाजींकडं ढीगभर होते. चहा घेणार की सरबत, असं विचारलं की म्हणायचे, "व्हय." आम्हाला वाटायचं, काय तोरा आहे, दोन्ही पाहिजे! गल्लीत पाण्याचा टँकर यायचा, कर्णा वाजवत यायचा, सगळी गल्ली ड्रम, घागरी घेऊन पळायची आणि दाजी ओट्यावर टँकरकडं पाठ करून शांतपणे पेपर वाचत बसलेले. ताई धावत येऊन त्यांच्यासमोर उभी राहायची, कमरेवर हात ठेवून सावकाश एकेक शब्द म्हणायची, "अहो, पाणी, आलंय." मग ते उठायचे. मी तिथंही फोडणी द्यायचो. "ताई, तुझा नवरा म्हणजे निजाम आहे. त्याला पाणी चालत येऊन सांगावं लागतं." ताई हसायची नाही. तिचं ते समोर येऊन बोलणं मला कायम भांडणाचं वाटलं.

दिवेवाला संगणक घेऊन आम्ही परत पैठण गेटला. दुकानदार वैतागला. "अरे भाई, इत्ता बढ़िया पीस दिया, वो भी नक्को? अब क्या हवाई जहाज का कम्प्यूटर लाऊँ तुमकू?"

त्यानं आणखी तीन दाखवले. या वेळी मी शहाणा झालो होतो. पडद्यावर खिडक्यांवर खिडक्या उघडल्या, सिनेमा लावला, मोठमोठ्या फायली इकडून तिकडं पळवल्या, माउसनं खिडक्या फरफटत नेल्या आणि त्या गोंधळात परीक्षा लावून चहावर चहा घेतला. तिन्ही नापास. मी माझा कॉलेजचा लॅपटॉप लावला. तो तर पहिल्याच मिनिटाला झोपला. लॅपटॉपची जातच वीज वाचवणारी.

तेवढ्यात दाजी उठले आणि गल्ल्यामागं गेले. तिथं दुकानदाराच्या बिलाच्या टेबलावर एक पिवळा पडलेला, ठेंगणा संगणक होता. त्याच्या डोक्यावर धूळ, धुळीवर पानाचा डाग, आणि मागं जाड केबल लावून कर्रकर्र करणारा जुना प्रिंटर. ती जाड केबल जिथं लागते, तोच जुना पोर्ट आमच्या मोटरला हवा होता; बाकीच्यांना तो वरून कार्ड घालून द्यावा लागत होता. दाजींनी न विचारता प्रिंटर काढला, मोटर जोडली आणि मला खूण केली. मी सीडी घातली. मोटर फिरली. दाजींनी पेचकस टेकवला, डोळे मिटले. दुकानातला पंखा, रस्त्यावरचे हॉर्न, दुकानदाराची बडबड, सगळं चालू होतं.

"हे," दाजी म्हणाले. "हे दूध देतंय. एका धारेत."

मी खिडक्या उघडल्या, सिनेमा लावला, सगळं लादलं. तासाभरानं आकडा बघितला. जिथं होता तिथंच. त्या डबड्याला खिडकीबाहेर बघण्याइतकी अक्कलच नव्हती.

"वो मेरा खुद का है!" दुकानदार ओरडला. "दस साल से बिल बनाता मैं उसपे! बेचने का नहीं वो!"

शेवटी त्यानं दिवेवाला परत घेतला आणि डबडं दिलं, वर म्हणाला, "ले जाओ. तुम दोनों का दिमाग भी उसीच मॉडल का है."

टाळी. इथं मी नेहमी थांबतो.

आता पुढचं.

डबडं शेडमध्ये बसलं आणि मशीन उभं राहिलं. नुसतं उभं नाही, चालू लागलं. दाजी सकाळी आंघोळ करून डबा घेऊन शेडमध्ये जायला लागले. ताईनं मला फोनवर सांगितलं, "अरे, ते परत शिट्टी घालायला लागलेत." बेसूर घालायचे, पण घालायचे. जुन्या कारखान्यात एके काळी दाजींच्या हाताखाली शिकलेला एक मुलगा आता तिथंच साहेब झाला होता. बाहेरच्या लोकांना काम देणं त्याच्या हातात. दाजींना तो मामा म्हणायचा. त्यानं स्वतःहून निरोप धाडला: मामांचं मशीन चालू झालं असेल तर एक नमुना बघायला येतो. नमुना पसंत पडला की वर्षभर पुरेल एवढं काम. मामांच्या कानावर माझा भरवसा आहे, असंही त्यानं म्हटलं होतं.

माझ्या मनात मात्र एक सल होता. त्या पेचकसानं माझ्या आकड्याला दोनदा हरवलं होतं, तेही दुकानदारासमोर. मला एकदा, फक्त एकदा, दाजींचा कान फसवायचा होता. आणि प्रेक्षक दिसले की मला राहवत नाही, हे माझं जुनं दुखणं.

साहेब आले त्या दिवशी मी घरून गणपतीचे दोन मोठे स्पीकर आणून कपाटामागं लपवले. कटर तुटतानाचं ते रेकॉर्डिंग माझ्याकडं होतंच. बेत असा: मशीन चालू असताना, दाजी डोळे मिटून पेचकस लावून उभे असताना, तो आवाज सोडायचा. दाजी तीन ताड उडतील, लाल बटणावर झडप घालतील, मग मी स्पीकर दाखवीन आणि म्हणेन, "काय दाजी, तुमची परीक्षा घेत होतो." साहेब हसतील, दाजी मला शिवी देतील, सगळे मिळून चहा पिऊ.

ताई आली होती. कटरवर सोडायच्या तेलपाण्यासाठी बादलीभर पाणी घेऊन, रिक्षानं, मांडीवर धरून. टँकर दोन दिवस आला नव्हता. घरातल्या ड्रमच्या तळाचं पाणी होतं ते. तिनं ते मशीनच्या टाकीत ओतलं आणि बादली निथळेपर्यंत उलटी धरून ठेवली.

दाजींनी ठोकळा बांधला, हात जोडले, कळ दाबली. डबड्यानं टिचक्या मारायला सुरुवात केली. पांढऱ्या तेलपाण्याखाली ॲल्युमिनियमचे चकचकीत तुकडे उडू लागले. दाजींनी पेचकस मोटरला लावला, मूठ कानामागं टेकवली, डोळे मिटले. साहेब आदबीनं उभे होते. ताईनं पदर तोंडाला लावला होता.

मी मोबाईलवर बोट ठेवलं.

शेडचे पत्रे हादरले. साहेब मागं उडाले, त्यांची पाठ भिंतीवर आपटली. ताईच्या हातून बादली पडून गडगडत गेली. मी स्वतः, मला माहीत असूनही, दचकलो. शेजारच्या शेडमधले दोघं दारात पळत आले.

दाजी तसेच उभे. डोळे मिटलेले. चेहऱ्यावर एक असं समाधान, जसं निजलेल्या लेकराच्या छातीवर हात ठेवलेल्या बापाचं असतं. आवाज अजून चालू होता. बोट मोबाईलवरून उचलून बंद कसं करायचं, हे मला आठवेना.

"लई गोड चालायलंय," दाजी मोठ्यानं म्हणाले.

आणि खरंच चालत होतं. मोटर एका धारेत फिरत होती. त्यांचं निदान अचूक होतं. ते हाडातून, मुठीतून, तळहातातून येत होतं. कानातून किती वर्षांत काही आलं नव्हतं, देव जाणे. वीस जबड्यांनी त्यांचं ऐकणं कधीच खाऊन टाकलं होतं. 'व्हय', टँकर, पाठमोरं उभं राहणं, ताईचं समोर येऊन सावकाश बोलणं, सगळं माझ्या डोळ्यांपुढं एका ओळीत उभं राहिलं. चार संगणकांवर मी ओझी लादली, तासन्‌तास तपासले, एक क्षण कुठं चुकतो ते शोधलं. समोरच्या माणसाची मी फक्त नक्कल करत आलो होतो.

नंतरचं आधी सांगून टाकतो, म्हणजे शेवटाला मला जास्त बोलावं लागणार नाही. नमुना मापाला उतरला. साहेबांनी तो रुमालात गुंडाळून नेला. आठवड्यानं त्यांचा फोन आला, ताईच्या मोबाईलवर. काम देऊ, पण मशीनवर दुसरा ऑपरेटर पाहिजे. ऐकू न येणाऱ्या माणसाला एकट्याला मशीनवर ठेवता येत नाही, नियम आहे, मामांना वाईट वाटून घेऊ नका म्हणावं. त्यांचं काही चुकलं नव्हतं. ताईनं समोर बसून, सावकाश, एकेक शब्द सांगितला. दाजी म्हणाले, "व्हय." या वेळी त्यांना कळलं होतं. त्यांनी शेडला कुलूप लावलं. मी त्यांच्या पायांवर डोकं ठेवायला गेलो तर माझे खांदे धरून मला उठवलं आणि मिशीतल्या मिशीत हसले. पण माझ्या ओठांकडं मात्र बघितलं नाही, त्यामुळं मी काय बोलत होतो ते त्यांना कळलंच नाही. पुढल्या उन्हाळ्यात मशीन नाशिककडच्या एकानं नेलं. डबडं त्याला नको होतं. ते माझ्या टेबलावर आहे. अधूनमधून मी परीक्षा लावतो. आकडा तोच आहे. शिट्टी पुन्हा कधी ऐकू आली नाही, असं ताई म्हणते.

तर त्या दिवशी शेडमध्ये. माझं बोट शेवटी सापडलं आणि आवाज थांबला. दाजींनी डोळे उघडले. साहेब भिंतीला टेकलेले, दारात दोघं अनोळखी, बादली आडवी, माझ्या हातात मोबाईल. ते एकेकाच्या तोंडाकडं बघत गेले. कोणाचेही ओठ हलत नव्हते. साहेबांची नजर लाल बटणाकडं गेली, मग दाजींच्या कानाकडं, आणि मग त्यांनी ती खाली वळवली. ती खाली वळलेली नजर ताईनं बघितली. ती पुढं झाली. तिला साहेबांशी बोलायचं होतं; पण इतक्या वर्षांची सवय, तोंड दाजींकडंच राहिलं. आणि साऱ्या जगात दाजींना एकाच माणसाचे ओठ न चुकता वाचता यायचे.

"ऐकू येत नाय तर काय झालं, साहेब," ती ओरडली, "हाताला समदं कळतंय ह्यांच्या!"